वकीलपत्रावर सही कोणाची?

वाचक लिहितात: "सनद मिळून तीन वर्षं झाली. सांगली जिल्ह्यातून मुंबईत आले आणि सत्र न्यायालयात एका सिनिअरांच्या हाताखाली काम करते. मेफेड्रोनच्या एका केसमध्ये पाच आरोपींच्या वकीलपत्रावर सिनिअरांबरोबर माझंही नाव आहे. पहिल्याकडे 120 ग्रॅम माल सापडला, दुसऱ्याकडे 74. तिसरा 22 वर्षांचा मुलगा आहे, स्कूटरवरून माल पोचवायचा; त्याच्याकडे 18 ग्रॅम. चौथा खोलीमालक, पाचवा ड्रायव्हर, त्यांच्याकडे काहीच नाही. चार महिने झाले, सगळे तळोजा तुरुंगात आहेत आणि दोषारोपपत्र अजून आलेलं नाही. फी देणारा माणूस मात्र सहावाच. रोख आणून देतो, पावती नको म्हणतो. आता तो म्हणतो, मुलाखतीला जाल तेव्हा पहिल्याला एक चिठ्ठी द्या, तिसऱ्याला 'शांत बस, घरचं आम्ही बघतो' एवढं सांगा, आणि पंचांचे पत्ते काढून द्या. सिनिअर म्हणतात, या प्रॅक्टिसमध्ये एवढं चालतं. प्रत्येक आरोपीला वकील मिळाला पाहिजे, हे मी मानते. पण मी त्यांची वकील आहे की त्यांच्यातलीच एक? आणि बाहेर पडायचं तर कसं?"

नमस्कार.

आरोपीला वकील मिळाला पाहिजे हे तुम्ही मानता, ते मानत राहा. एम.डी. म्हणजे मेफेड्रोन हा अमली पदार्थ विकल्याचा आरोप असलेल्या माणसाला वकील मिळणं हा त्याच्यावर कुणी केलेला उपकार नाही, राज्यघटनेच्या अनुच्छेद 22 नं दिलेला हक्क आहे. बार कौन्सिल ऑफ इंडियाच्या आचारनियमांतला नियम 15 तर म्हणतो, की आरोपी दोषी असल्याचं वकिलाचं स्वतःचं मत असलं तरी त्यानं बचाव करायचा, आणि निर्भयपणे करायचा. एनडीपीएस (अमली पदार्थविरोधी कायदा) किंवा मकोका (संघटित गुन्हेगारीविरोधी कायदा) यांच्या केस घेणाऱ्या वकिलांना सरसकट 'टोळीचे वकील' म्हणणं हा अन्याय आहे.

तरीही टोळीचा वकील हा प्रकार खरा आहे. कोणत्या कलमाची केस घेतली यावरून तो ओळखू येत नाही. त्या केसमध्ये तो कुणाचं ऐकतो यावरून ओळखू येतो. तुमच्या केसमध्ये वकीलपत्रावर पाच जणांच्या सह्या आहेत, सहाव्याची नाही. नियम 19 सांगतो की वकिलानं आपला अशील किंवा त्याचा अधिकृत प्रतिनिधी सोडून कुणाच्याही सूचनेवर काम करायचं नाही. सहावा माणूस पैसे देतो, एवढ्यानं तो तुमचा अशील होत नाही. पत्रातल्या तिन्ही मागण्या त्याच्या आहेत आणि त्यातली एकही केसच्या कागदात बसत नाही.

चिठ्ठीपासून सुरुवात करू. कच्च्या कैद्याला वकिलाशी तिसऱ्या माणसाच्या कानाआड बोलता येतं. तुरुंग कायद्यात त्याला जागा आहे. शिपायाला तुम्ही दिसता, पण तुमचं बोलणं त्याला ऐकू जाऊ नये, अशी ही व्यवस्था आहे. टोळीला वकील हवा असतो तो बऱ्याचदा कायद्याच्या ज्ञानासाठी नव्हे, तर या न ऐकलेल्या वीस मिनिटांसाठी. चिठ्ठीत काय आहे ते तुम्हाला माहीत नाही, आणि वाचून कळेलच असंही नाही. 'गाडी गॅरेजला लाव, मामांना भेटू नकोस' या वाक्याचा अर्थ फक्त देणाऱ्याला आणि घेणाऱ्याला कळतो. उद्या एखादा साक्षीदार गायब झाला, तर चिठ्ठी आत नेण्याची संधी कुणाला होती हे तुरुंगाच्या मुलाखत नोंदवहीवरून पाच मिनिटांत निघतं.

यात कायद्याचा धोका किती आहे, तेही नीट समजून घ्या. मकोकाच्या कलम 2(1)(अ) मध्ये 'अपप्रेरणा' या शब्दाची व्याख्या मुद्दाम रुंद ठेवली आहे. टोळीला मदत होईल अशी माहिती कायदेशीर अधिकाराशिवाय पोचवणं तिच्यात येतं, पैशाची किंवा इतर कसलीही मदत येते. कलम 3(2) खाली अशा मदतीला किमान 5 वर्षं, कमाल जन्मठेप आणि किमान 5 लाख रुपये दंड आहे. 'पण ही तर एनडीपीएसची केस, मकोका कुठे लागलाय?' असं म्हणून निश्चिंत राहू नका. टोळीविरुद्ध गेल्या 10 वर्षांत एकापेक्षा जास्त दोषारोपपत्रं असतील आणि कोर्टानं त्यांची दखल घेतलेली असेल, तर पोलीस उपमहानिरीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याच्या पूर्वमंजुरीनं मकोका मागाहूनही लावता येतो. ती दोषारोपपत्रं प्रत्येक आरोपीविरुद्ध असावी लागत नाहीत, टोळीविरुद्ध असली तरी पुरे. 2025 च्या पावसाळी अधिवेशनात अमली पदार्थांचा धंदा मकोकाच्या व्याख्येत आणणारी दुरुस्तीही विधिमंडळानं मंजूर केली. आज साध्या वाटणाऱ्या चिठ्ठीकडे तपास अधिकारी सहा महिन्यांनी वेगळ्याच नजरेनं बघू शकतो.

म्हणून मुलाखतीला जाताना वकीलपत्र, केसची फाइल आणि कोरी वही एवढंच न्या. आरोपीनं कागद दिला तर तिथंच पूर्ण वाचा. केसचा असेल, म्हणजे आजारपणाचे कागद, घटनेची त्याची हकीगत, जामिनासाठी घरची माहिती, तर ठेवून घ्या. नसेल तर तिथंच त्याच्या हातात परत द्या. बाहेर आणून फाडायचा विचारही करू नका, कारण बाहेर आणणं हाच गुन्हा होऊ शकतो आणि फाडणं हा दुसरा. तोंडी निरोपालाही हाच नियम लावा. 'आईची तब्येत बरी आहे' हे सांगायला हरकत नाही, पण ते आईनं तुम्हाला सांगितलेलं असावं, सहाव्यानं नव्हे. प्रत्येक मुलाखतीनंतर तारीख, वेळ आणि कोणत्या मुद्द्यावर बोलणं झालं याच्या दोन ओळी डायरीत लिहा. हेच तुमच्या कारकुनालाही सांगून ठेवा. मुलाखतीला वकील सावध असतो आणि कोर्टाच्या व्हरांड्यात कारकून निरोप पोचवतो, असं होऊन चालणार नाही.

तिसऱ्या मुलाला 'शांत बस' सांगण्याची मागणी चिठ्ठीपेक्षाही वाईट आहे, कारण ती मायेच्या शब्दांत आली आहे. 'घरचं आम्ही बघतो' याचा दुसरा अर्थ 'घर कुठे आहे ते आम्हाला माहीत आहे' असाही होतो. कोठडीतल्या मुलाला तो बरोबर कळतो, आणि तो अर्थ वकिलाच्या तोंडून आला की त्याला वाटतं, आपल्या बाजूचं कुणीच उरलं नाही. त्याला माफीचा साक्षीदार व्हायचं असेल, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 343 ते 345 मध्ये त्याची वाट आहे. ती घ्यायची की नाही हे त्यानं ठरवायचं. त्याला पर्याय समजावून सांगणं हे तुमचं काम, तो पर्याय लपवणं ही त्याच्याशी दगाबाजी.

अमेरिकेत 1995 मध्ये कोलंबियातल्या काली कार्टेल या अमली पदार्थांच्या टोळीवर मोठं आरोपपत्र निघालं, तेव्हा त्यात वकीलही होते. त्यातला मायकेल अॅबेल हा अमेरिकेच्या न्याय खात्यातला माजी अधिकारी. पकडलेल्या हस्तकांकडून 'कार्टेलच्या प्रमुखांचा यात संबंध नाही' अशी खोटी प्रतिज्ञापत्रं घेणं, त्यांच्या तोंडाला कुलूप राहावं म्हणून पैसे पोचते करणं, हे आरोपांच्या मुळाशी होतं. 1998 मध्ये तो दोषी ठरला. ही माणसं बंदुका घेऊन फिरत नव्हती. वकीलपत्र आत बंद असलेल्या माणसाचं आणि काम मात्र बाहेरच्या मालकाचं, एवढंच त्यांनी केलं होतं.

पंचांच्या पत्त्यांबाबत आम्ही एका वाक्यात सांगतो: देऊ नका. दोषारोपपत्राची प्रत आरोपीला मिळते, कारण खटल्याला उत्तर देण्यासाठी ती त्याला लागते. ती सहाव्याच्या मोबाइलवर जाण्यासाठी नसते. मकोकाच्या केसमध्ये कलम 19 खाली विशेष न्यायालय साक्षीदाराचं नाव-पत्ता झाकायचा आदेशही देऊ शकतं. पंचाला कुणी जाऊन धमकावलं, तर भारतीय न्याय संहितेच्या कलम 232 खाली त्याची स्वतंत्र केस होते आणि पत्ता कुठून फुटला हा तपासातला पहिला प्रश्न असतो. पंच खोटा असेल, प्रत्येक छाप्यात तोच तो असेल, तर त्याला उलटतपासणीत उघडा पाडा. तो पूर्वी किती पंचनाम्यांवर होता हे कोर्टाच्या रेकॉर्डवरून काढा. हे तुमचं काम आहे आणि ते जोरात करा.

आता रोख रक्कम. एका माणसाकडून एका दिवसात किंवा एकाच व्यवहारापोटी 2 लाख रुपये किंवा जास्त रोख घेता येत नाही. घेतली तर तेवढ्याच रकमेचा दंड होऊ शकतो. मर्यादेच्या खाली राहायचं म्हणून 1 लाख 90 हजारांचे तुकडे करणं ही पळवाट नाही. एकाच केसच्या फीचे तुकडे एकच व्यवहार धरले जातात. पावती नको म्हणणाऱ्याला मुळात आपलं नाव कुठे यायला नको असतं. पैसा त्याचा, नाव कुणाचंच नाही, आणि तो खर्च झाला तुमच्या हातून, असं चित्र मनी लाँडरिंगच्या तपासात तुमच्यासाठी फार वाईट दिसतं. एनडीपीएसचे गुन्हे मनी लाँडरिंगविरोधी कायद्याच्या अनुसूचीत आहेत. शिवाय एनडीपीएसच्या कलम 8अ प्रमाणे अशा गुन्ह्यातून आलेली मालमत्ता जाणूनबुजून घेणं किंवा लपवणं हा वेगळा गुन्हा आहे, शिक्षा 3 ते 10 वर्षं.

त्रयस्थानं फी देण्यात स्वतःत गैर काही नाही. भाऊ देतो, सासरा देतो, मालक देतो. पण मग ती नीट घ्या. बँकेतून, देणाऱ्याच्या खात्यातून, त्याचा पॅन घेऊन, पावती फाडून. त्याच्याकडून एक पानी पत्र घ्या: फी मी देतो, केस कशी चालवायची यात मला अधिकार नाही, आरोपीची गुपितं मला सांगितली जाणार नाहीत. त्यावर आरोपीची संमती घ्या. साध्या काकाला असं पत्र द्यायला दहा मिनिटंही लागत नाहीत. जो देत नाही, तो का देत नाही हे तुमच्या लक्षात येईल.

एकानं सगळ्यांची फी भरण्यात आणखी एक अडचण आहे आणि ती न्यूयॉर्कच्या एका खटल्यात उघड झाली. 1991 मध्ये माफिया टोळीप्रमुख जॉन गॉटीच्या खटल्यात न्यायाधीश लिओ ग्लासर यांनी बचाव पक्षाचे वकील ब्रूस कटलर आणि जेरल्ड शार्गेल यांना केसमधून दूर केलं. चोरून ध्वनिमुद्रित केलेल्या संभाषणांत खुद्द वकील होते आणि इतरांच्या वकिलांची बिलं गॉटी भरत असल्याचं बोलणं होतं. सरकारी पक्षाच्या मते हे टोळी अस्तित्वात असल्याचाच पुरावा. तुमच्या पाचही आरोपींची फी सहाव्यानं दिल्याचं सिद्ध झालं, तर 'हे एकमेकांना ओळखत नव्हते' या बचावाचं काय राहतं? सहाव्याच्या पैशानं तुमच्याच अशिलांचं नुकसान होतंय.

पाच जणांचं एक वकीलपत्र ही या केसची खरी दुखरी जागा आहे. तुमच्या पत्रात ती ओझरती आली आहे, म्हणून तिच्यावर जरा थांबतो.

मेफेड्रोनसाठी अल्प प्रमाण 2 ग्रॅम, व्यापारी प्रमाण 50 ग्रॅम. पहिल्याचे 120 आणि दुसऱ्याचे 74 व्यापारी प्रमाणात जातात: शिक्षा 10 ते 20 वर्षं, दंड 1 ते 2 लाख, आणि जामिनाला एनडीपीएसच्या कलम 37 ची जुळी अट. म्हणजे सरकारी वकिलाला विरोधाची संधी द्यायची, आणि तरीही न्यायाधीशाला वाटलं पाहिजे की हा दोषी नसावा आणि सुटल्यावर गुन्हा करणार नाही. तिसऱ्याचे 18 ग्रॅम मधल्या प्रमाणात येतात. शिक्षा 10 वर्षांपर्यंत, किमान नाही, आणि कलम 37 ची अट त्याला लागू नाही. वजन मोजताना शुद्ध माल किती ते बघत नाहीत, मिसळीसकट सगळं धरतात. हिरा सिंग केसमध्ये सर्वोच्च न्यायालयानं 2020 मध्ये ते ठरवलं. तरी 18 हे 18 च राहतात. सरकारी पक्षाकडे त्याला वर ढकलायचा एकच जिना आहे: कलम 29, कट. 'तिघांचा माल एकच, म्हणून 212 ग्रॅम सगळ्यांचे.'

या मुलाचा बचाव त्यामुळे सरळ आहे. माझा इतरांशी कट नव्हता, मी दिलेलं पाकीट पोचवत होतो, माझ्यापुरतं मोजा. आणि पहिल्याचा बचाव? माल माझा नाही, ही पोरं परस्पर करत होती. खोलीमालक म्हणणार, मी भाडं घेतलं, आत काय चाललं ते मला माहीत नाही. हे तीन बचाव एकाच वकिलाच्या तोंडून एकाच दिवशी कसे निघणार? निघत नाहीत. मग पाचांसाठी एकच गुळगुळीत युक्तिवाद होतो, 'सगळे निर्दोष, पंचनामा खोटा', आणि त्याचा फायदा वरच्याला, तोटा सर्वांत खालच्याला. नियम 14 सांगतो की हितसंबंधांची अशी टक्कर असेल तर ती अशिलाला सुरुवातीलाच स्पष्ट सांगायची. या मुलाला ती कुणी सांगितली का? पत्रावरून तसं दिसत नाही.

तेव्हा सिनिअर म्हणतात 'या प्रॅक्टिसमध्ये एवढं चालतं', त्याला उत्तर म्हणून या प्रॅक्टिसमध्ये खरोखर काय चालतं ते बघा. माल खिशातून काढला की स्कूटरच्या डिकीतून? खिशातून असेल तर कलम 50 लागू होतं. राजपत्रित अधिकारी किंवा दंडाधिकाऱ्यासमोर झडतीचा हक्क आहे, हे आरोपीला सांगावं लागतं. 'सांगितल्यासारखं केलं' एवढं पुरत नाही, असं विजयसिंह जाडेजा केसमध्ये घटनापीठानं 2010 मध्ये म्हटलं. डिकीतून असेल तर तो मुद्दा सोडा, वेळ घालवू नका. खोलीवर छापा असेल तर खबर लिहून घेतली होती का, वरिष्ठाला 72 तासांत पाठवली का, सूर्यास्तानंतर वॉरंटशिवाय शिरताना कारण नोंदवलं का, हे कलम 42 खाली तपासा. छापा रस्त्यावर असेल तर कलम 43 येतं आणि हे प्रश्न बहुतेक गळून पडतात. नमुने दंडाधिकाऱ्यासमोर काढले का, त्यांनी यादी प्रमाणित केली का? कलम 52अ आणि 2022 चे नियम इथे कामाला येतात. जागेवरच दोन-दोन नमुने काढून मोकळं होण्याची जुनी सवय अजून दिसते आणि सिमरनजीत सिंग केसमध्ये 2023 मध्ये त्याच कारणावरून सर्वोच्च न्यायालयानं शिक्षा रद्द केली. मुद्देमाल नोंदवहीतली तारीख, सीलचा ठसा, प्रयोगशाळेत पोचलेलं वजन, ही तिन्ही एकमेकांशी जुळवा. जप्तीत 18 आणि प्रयोगशाळेत नमुन्यासकट 18.9 भरलं तर ते अकारण झालेलं नसतं.

या कामात चिठ्ठी लागत नाही, पंचाचा पत्ता लागत नाही, रोख लागत नाही. जे वकील अशा केस प्रामाणिकपणे सोडवतात, ते नोंदवह्या वाचून सोडवतात.

आणखी दोन सापळे आहेत, त्यांच्यावर घाईत सही होते. एक, जामीनदार. नियम 10 प्रमाणे वकिलानं अशिलासाठी जामीन राहायचं नाही आणि जामीनदाराच्या ऐपतीची हमीही द्यायची नाही. टोळीच्या केसमध्ये 'माणूस आहे, कागद तयार आहेत' म्हणून येणारा जामीनदार त्याच रेशनकार्डावर तीन कोर्टांत उभा असू शकतो. दोन, प्रतिज्ञापत्रावरची ओळख. 'यांना मी ओळखतो' या शिक्क्याखाली तुमची सही असते. ज्याला ओळखत नाही त्याच्यासाठी ती करू नका, सिनिअरांनी सांगितलं तरीही नाही. गेल्या तीन वर्षांत अशा किती सह्या केल्यात ते आठवून एक यादी बनवा. फ्लॅट, गाडी, लॉकर, सिमकार्ड यांपैकी काहीही 'थोडे दिवस तुमच्या नावावर' घ्यायला सांगितलं, तर नाही म्हणा. एनडीपीएसच्या प्रकरण 5अ मध्ये अशी मालमत्ता गोठवतात आणि ती कायदेशीर मिळकतीची आहे हे तुम्हालाच सिद्ध करावं लागतं. फरारी माणसाला राहायला जागा बघून दिली तर कलम 27अ, म्हणजे पुन्हा 10 ते 20 वर्षं.

आता बाहेर कसं पडायचं. नियम 12 प्रमाणे पुरेसं कारण आणि पुरेशी नोटीस, दोन्ही हवी. आधी सिनिअरांना लेखी कळवा की या केसमध्ये तुम्ही काम करणार नाही. कारण म्हणून 'व्यावसायिक कारणास्तव' इतकंच पुरे. मग पाचही आरोपींना तुरुंग अधीक्षकांमार्फत स्वतंत्र नोटीस द्या. नोटीस सहाव्याला द्यायची नाही, तो तुमचा कुणी नाही. कोर्टात पुरसीस, म्हणजे लेखी निवेदन, देऊन वकीलपत्र मागे घ्या आणि त्या दिवसाच्या रोजनाम्याची प्रत काढून ठेवा. रिमांडच्या किंवा दोषारोपपत्राच्या दिवशी आरोपीला उघडा टाकून जाऊ नका. कोर्टात कारणांचा पाढाही वाचू नका. तुम्ही संशयानं सोडताय असं दिसलं तर पहिला फटका कोठडीतल्या माणसाला बसतो. फाइल अडवून ठेवायची नाही, फी बाकी असली तरीही. सर्वोच्च न्यायालयानं 2000 मध्ये आर. डी. सक्सेना केसमध्ये ते साफ सांगितलंय. न झालेल्या कामाची फी परत करा, धनादेशानं. तुमच्या हाताला आलेली रोख हिशोबात नसेल तर आधी चार्टर्ड अकाउंटंटकडे जा आणि ती मिळकतीत दाखवा. ती गुपचूप त्या माणसाला परत केली तर दोन बेहिशेबी व्यवहार होतात, एक नव्हे.

गोपनीयतेचं कुंपण कुठपर्यंत आहे हे नीट लक्षात ठेवा, कारण सोडल्यावरही ते राहतं. पाच जणांनी तुम्हाला झालेल्या गोष्टींबद्दल जे सांगितलं ते भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम 132 खाली बंद आहे, आणि वकीलपत्र गेलं तरी बंदच राहतं. तुमच्या कारकुनालाही ते लागू आहे. पण बेकायदा काम पुढे नेण्यासाठी झालेलं बोलणं त्या कुंपणाच्या बाहेर आहे. सहाव्यानं मागितलेले पत्ते आणि चिठ्ठी तर त्याहून बाहेर, कारण तो तुमचा अशीलच नाही. त्यानं धमकी दिली तर ती गुप्त ठेवायची तुमच्यावर कसलीही जबाबदारी नाही. फोन आला की वेळ आणि नंबर लिहा, मेसेज पुसू नका, पोलीस उपायुक्तांकडे लेखी तक्रार करा आणि प्रत वकील संघाला द्या. हे एकटीनं करू नका. त्याच कोर्टातल्या दुसऱ्या एखाद्या ज्येष्ठ, स्वतंत्र वकिलाला पहिल्या दिवशीच सगळं सांगून ठेवा.

उद्या तपास यंत्रणेकडून समन्स आलं तर घाबरून धावत जाऊ नका आणि फोनवर उत्तरं देऊ नका. 31 ऑक्टोबर 2025 ला सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की अशिलाच्या केसबद्दल वकिलाला समन्स काढायचं तर ते कलम 132 च्या अपवादात बसलं पाहिजे, कोणता अपवाद ते समन्समध्ये लिहिलं पाहिजे आणि पोलीस अधीक्षक दर्जापेक्षा कमी नसलेल्या वरिष्ठाची लेखी मंजुरी हवी. मोबाइल-लॅपटॉप हवा असेल तर तो कोर्टापुढे. हे संरक्षण वकिलाच्या कामाला आहे. चिठ्ठी नेणाऱ्याला ते मिळत नाही, आणि तुम्ही अजून ती नेलेली नाही, हे फार मोलाचं आहे.

शेवटी तिसरा मुलगा, आणि हे काम आठवडाभर थांबण्यासारखं नाही. दोषारोपपत्र मुदतीत आलं नाही तर कोठडीतल्या आरोपीला वैधानिक जामिनाचा हक्क मिळतो. एनडीपीएसमध्ये दोषारोपपत्राला 180 दिवस मिळतात ते कलम 36अ(4) खाली, आणि ते व्यापारी प्रमाणाच्या व आणखी काही मोजक्या कलमांच्या गुन्ह्यांना. 18 ग्रॅमला ते मिळत नाहीत. त्याच्यापुरतं पाहिलं तर 60 दिवस. सरकारी पक्ष 90 म्हणेल, पण चार महिन्यांत दोन्ही उलटून गेलेत. सरकारी वकील कलम 29 दाखवून 180 वर अडून बसेल आणि कोर्ट कदाचित ते मान्यही करेल. पण हा युक्तिवाद त्याच्या वतीनं कुणी तरी करायला हवा होता, दोन महिन्यांपूर्वी. तो झाला नाही, कारण त्यात 'माझा इतरांशी कट नव्हता' म्हणावं लागतं आणि सहाव्याला ते नको आहे.

वैधानिक जामिनाचा हा हक्क दोषारोपपत्र दाखल होईपर्यंतच जिवंत असतो. ते आधी आलं आणि अर्ज नंतर, तर संपला. म्हणून पुढच्या मुलाखतीला पहिल्यांदा त्याला भेटा, एकट्याला. त्याला सांगा की तुम्ही पाचही जणांच्या वकील होता, त्याचं हित इतरांपेक्षा वेगळं आहे, त्याला स्वतःचा वकील मागता येतो आणि कोठडीत असल्यामुळे विधी सेवा प्राधिकरणाकडून तो फुकट मिळतो. इतरांनी सांगितलेलं काही त्याला सांगू नका. दिवस मोजायला त्याची गरजही नाही. पहिल्या रिमांडची तारीख त्याच्या कागदावर लिहून द्या. नवा वकील उभा राहीपर्यंत थांबायची गरज नाही: वैधानिक जामिनाचा अर्ज त्याला स्वतःच्या हस्ताक्षरात तुरुंगातून पाठवता येतो, आणि राकेश कुमार पॉल केसमध्ये 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तोंडी मागणीसुद्धा ग्राह्य धरली होती. अर्जावर तुरुंगाचा आवक क्रमांक आणि वेळ पडली आहे ना, एवढं तिथून निघण्याआधी बघा.